दादाचा आवाज सांगलीला गेला

उंब्रजात शाळा सोडलेली पोरं लय हायत. कुनी मास्तरनं मारलं म्हनून सोडली, कुनी ढोरामागं जायचं म्हनून. मी रेडिओपायी सोडली. सातवीत हुते. मधल्या सुट्टीत ज्योतिबा नावाचं पोरगं बाकावर चढलं आन रेडिओतल्या भिवातात्यागत बोलाय लागलं. समदा वर्ग हासाय लागला. मी कंपासपेटी त्याच्या तोंडावर हानली. दात पडला. मास्तर म्हनलं, माफी माग. मी न्हाई मागितली. दप्तर उचललं आन घरी आले, ती परत गेलेच न्हाई.

रेडिओतल्या मानसापायी कुनी दात पाडतं व्हय, आसं परगावचा इचारंल. गावातला इचारनार न्हाई. गावाला ठावं हुतं, भिवातात्याचा आवाज म्हंजी माझ्या बापाचा आवाज. माझ्या बापाला, कोंडीबाला, तेवढं ठावं न्हवतं. आमी त्याला दादा म्हनतो.

त्यो आवाज काढायचा माझा चुलता, नाथाजी. मी त्याला नाथाकाका म्हनते. आता लोक त्याला काय काय बोलत्यात. ज्या लोकांनी त्याला ऐकून टाळ्या दिल्या तीच आता थुंकत्यात. त्यास्नी बोलायचा हक्क न्हाई. मला हाय, म्हनून मी सांगते.

काका दादापेक्षा बारा-तेरा वर्सानं ल्हान. आजा-आजी लवकर गेली, तवा दादानंच त्याला वाढवला. दादा औत धरायचा आन काका बांधावर बसून समद्यांच्या नकला करायचा. तलाठ्याची करायचा, कीर्तनकाराची करायचा, गाभन म्हशीला वड्यातनं काढनाऱ्या मानसाची करायचा. दादा हासून हासून औत थांबवायचा. म्हनायचा, तू शेतात येऊ नगंस बाबा, बैलंसुदीक हासत्यात.

मग काका जत्रंतल्या नाटकात गेला. आधी बायकांची कामं केली, मिशा फुटल्यावर म्हाताऱ्यांची केली. कुस्त्यांच्या फडात कर्न्यावर पैलवानांची नावं पुकारायचा. पार म्हसवडच्या जत्रंत त्याला बोलवून न्यायचे. पर त्यो आवाज छाती फुगवून काढलेला हुता, राजा दरबारात बोलतो तसला.

सांगलीला रेडिओ सुरू झाल्यावर काका आवाजाची परीक्षा द्याला गेला आन नापास झाला. तिथल्या साहेबानं सांगितलं, राजे आमच्याकडं भरपूर हायत, आमाला शेतकरी पायजे. काका येऊन चार दिस जेवला न्हाई. पुढच्या वर्सी परत गेला. त्या टायमाला शेतीच्या कार्यक्रमात एक गावाकडचा मानूस पायजे हुता. त्यानं खुळ्यागत प्रश्न इचारायचे आन शेतीच्या साहेबानं त्याला शानं करायचं. काका माइकाम्होरं उभा राहिला. काय करावं सुचंना. आन तोंडातनं दादा भाईर आला.

दादाच्या बोलन्याची एक तऱ्हा हाय. बोलायच्या आधी त्यो श्वास आत वढतो, हिरीत पव्हरा सोडताना दोर वढावा तसा. मग बारीक आवाजात सुरू हुतो आन शेवटचा शबूद दोनदा येतो. "ऊस लावला, लावला." "बैल दमला, दमला." आमाला घरात त्याचं काय वाटत न्हाई. पावसाचा पत्र्यावर आवाज येतो तसं ते हाय. काचंच्या पलीकडं बसलेली सांगलीची मानसं मातुर पोट धरून हासली. काका पास झाला.

एकदाच करनार हुतो अंजे, आसं त्यानं मला कितींदा सांगितलंय. दुसऱ्या येळी दुसरा आवाज लावनार हुता. पर गावोगावची कार्डं आली. भिवातात्या झ्याक हाय, त्याला रोज आना. मग भिवातात्या रोजचा झाला. कार्यक्रमाचं नाव 'बांधावरच्या गप्पा'. साताऱ्यापासनं मिरजंच्या खाली कानडी मुलखाच्या शिवंपतूर लोक ऐकायचे. हॉटेलात चा थांबायचा. सांगलीच्या बाजारात बाया भाजीवाल्याला म्हनायच्या, जास्ती पैसं सांगू नगंस, मी काय भिवातात्या हाय व्हय.

काका सांगलीत खोली करून राहिला. लगीन केलं न्हाई. दर शनवारी उंब्रजला यायचा. हातपाय धुतलं की दादाशेजारी वट्ट्यावर बसायचा आन इचारायचा, ह्या आठवड्यात काय झालं रं दादा. मग दादा सांगत बसायचा. पान्याची पाळी कशी चुकली, युरिया घातल्यावर पिकाला तहान जास्ती लागती का, हायब्रीडची भाकरी पोटात का डसती. काका मान हलवायचा. बगायचा मातुर दादाच्या व्हटाकडं. आई म्हनायची, भावजींचा थोरल्यावर किती जीव हाय बगा. जीव हुताच. न्हाई म्हनलं तर मी खोटी. पर त्यो संगट मोकळं पोतं घिऊन येनारा जीव हुता. दादानं शनवारी वट्ट्यावर जे इचारलं ते बुधवारी भिवातात्या रेडिओत इचारायचा, आन समदा जिल्हा हासायचा.

खरंच एक पिशवी बी न्यायचा. भिवातात्या उसातनं चालत आला की खसखस वाजाय पायजे, म्हनून काका उसाचा वाळला पाला, पाचट, पिशवीत भरून न्यायचा आन माइकाजवळ हातानं चुरगाळायचा. दादा स्वता निवडून द्यायचा. वलसर काढून टाकायचा, कुरकुरीत तेवढं भरायचा. मग संध्याकाळी ग्रामपंचायतीच्या कट्ट्यावर रेडिओम्होरं बसला की शेजाऱ्याला कोपरानं ढोसायचा.

"ह्यो पाला माझा हाय, हाय," म्हनायचा.

मानसं खाली बगायची. कोन तंबाकू मळाय लागायचा, कोन धोतराला नसलेली माती झटकायचा. दादा समद्यात म्होरं बसलेला आसायचा आन समद्यात मोठ्यानं हासायचा त्योच. काय येडं मानूस हाय भिवातात्या, आसं मला घरी येऊन सांगायचा. मी चुलीत फुंकनी घालून बसायचे. जाळ चांगला आसला तरी फुंकत राहायचे.

तुमी म्हनाल, बापाला आपला आवाज वळखू येऊ नये? न्हाई येत. आपला आवाज आपल्याला आतनं येतो, तिथं त्यो येगळाच आसतो. एकदा कराडचा एक खतवाला दादाला म्हनला, आवं तुमी तर हुबेहूब भिवातात्यागत बोलता. आमी समदी गार पडलो. दादाची छाती फुगली. म्हनला, भाऊ हाय माझा, रगत एक तर आवाज एक, एक. खतवाल्याला कुनीतरी चाला भाईर नेलं.

गावानं आधी गंमत म्हनून सांगितलं न्हाई. मग सांगायची येळ निघून गेली. मग त्याची सवय झाली. लगनात, मयतीत, पारावर, जिथं दादा आसंल तिथं कुनी भिवातात्याचं नाव काडायचं न्हाई आन दादा मातुर सारखं काडायचा. आसं मानसाला संबाळत्यात व्हय? गावानं त्याला पांगळ्यागत संबाळला.

शाळा सुटली त्या शनवारी काकानं मला इचारलं, का सोडलीस. मी सांगून टाकलं. ज्योतिबानं दादाची नक्कल केली. त्यानं तुझ्याकडनं शिकली, तू दादाकडनं. काका जेवत हुता. हातातला घास त्यानं ताटात ठिवला. मग म्हनला, मी दुसरा आवाज लावून बगितला अंजे. लोकास्नी ह्योच पायजे. मी म्हनलं, लोकास्नी पायजे म्हनून तू भावाला इकशील? त्यो उठला, हात धुतलं, झोपला. पुढच्या शनवारी परत आला आन वट्ट्यावर बसून इचारलं, ह्या आठवड्यात काय झालं रं दादा.

सत्त्याहत्तर साली मुंबईच्या टेलिव्हिजनवाल्यांनी काकाला बोलावलं. शेतीचाच कार्यक्रम, भिवातात्याच पायजे. उंब्रजात तवा टेलिव्हिजन कुनी बगितला बी न्हवता. काका पेढं घिऊन आला. आईला सांगत हुता, वैनी, आता नुसता आवाज भागत न्हाई, अंगबी दिसनार, चालनंबी दिसनार. मग दादाला म्हनला, तुझा जुना फेटा दे, मला तिथं बांधायचाय. आन जरा बांधावरनं चालून दाव.

दादा चालला. पोरगं बक्षिसाला निघाल्यागत चालला. त्याचा डावा खांदा जरा खाली हाय, पाठीवर खताची पोती वाहून झालाय. काका मागनं बगत हुता आन आपला डावा खांदा हळूहळू खाली सोडत हुता. मी गोठ्याच्या दारात उभी हुते. मला वाटलं, आवाज नेला, आता मानूसच न्हेतोय.

दादानं फेटा आपल्या हातानं गुंडाळून दिला. पीळ मोडू नगं म्हनला. मग दिसभर जो भेटंल त्याला सांगितलं, माझा फेटा मुंबईला चाललाय, चाललाय.

आन त्याच आठवड्यात नानासो सुट्टीवर आला.

नानासो आमच्या शेजारचा, मिलिटरीत हाय. येताना त्यानं टेपरेकॉर्डर आनला. आवाज भरायचा आन परत ऐकायचा. आमच्या आळीत आसली वस्तू पयल्यांदाच आली. संध्याकाळी त्याच्या अंगनात समदी जमली. नानासोच्या आईनं जात्यावरचं गानं म्हनलं, ते परत वाजलं तवा म्हातारी लाजून घरात पळाली. एकाचं शिंकनं भरलं. पोरं कुत्र्याला आनून भुकवत हुती. नानासो मिलिटरीत आसल्यानं त्याला गावाचं हे गुपित नीट ठावं न्हवतं. त्यानं दादाम्होरं माइक धरला आन म्हनला, कोंडीबाबा, बोला कायतरी.

मी पळत म्होरं गेले. म्हनलं, दादा, आई बोलावती, चल घरी. दादानं मला हातानं बाजूला केलं. त्याला पन बोलायचं हुतं की. आयुष्यभर भावाला ऐकलं, आता आपन माइकात बोलनार. श्वास आत वढला आन बोलला.

"औंदा ऊस बरा हाय, हाय. नाथा मुंबईला जानार, जानार. लय आनंद झाला, झाला."

नानासोनं टेप मागं फिरवला आन लावला.

अंगनात भिवातात्या बोलाय लागला. तीच वढ, त्योच बारीक आवाज, शेवटचा शबूद दोनदा. अंगनातलं एक मानूस हाललं न्हाई. दादा मातुर खूश झाला. त्यानं मांडीवर हात मारला.

"आरं, ह्यात नाथा कवा शिरला, शिरला?"

पोरंसुदीक खाली बगाय लागली. दादानं समद्यांची तोंडं बगितली. नानासोला म्हनला, परत लाव. नानासोला काय झालं ते तवर उमगलं हुतं, त्यो म्हनला टेप गुतलाय बाबा. दादा म्हनला, लाव. परत लागला. ऊस बरा हाय, हाय. आत्ताच बोललेलं. दादाचे व्हट त्या आवाजाबराबर हालत हुते. मग थांबले.

त्यानं हळूच इचारलं, समद्यास्नी ठावं हुतं काय? हे इचारताना त्यानं शेवटचा शबूद एकदाच म्हनला आन व्हट दाबून धरलं. दुसरा शबूद आत थडकत हुता, ते त्याच्या गळ्यावर दिसत हुतं. मग माझ्याकडं वळला.

"तुलाबी?"

मी व्हय म्हनलं. खोटं बोलायला पायजे हुतं, पर मला कवा जमलंय.

दादा उठला आन घरी न जाता शेताकडं गेला.

त्या दिसापासनं घरात दादाचा आवाज बंद झाला. पानी पायजे आसलं तर तांब्या उपडा करून दावायचा. बैलास्नी निस्तं चकचक करायचा. आईनं काय इचारलं तर मान. एक दिस त्यानं मला भाकरी मागितली, ती जाड्या घोगऱ्या आवाजात, कीर्तनकार बोलतो तसं. माझा बाप मला दुसऱ्याच्या आवाजात भाकरी मागत हुता. मी भाकरी दिली आन भाईर जाऊन पानवठ्यावर बसले. शरम कशी आसती ते मला शाळंत कुनी शिकवलं न्हवतं. ती त्या दिसी कळली.

काका शनवारी आला न्हाई. कराडच्या स्टँडावर त्याला कुनीतरी सांगितलं आसनार, गावातली बातमी यष्टीच्या आधी पोचती. पुढच्या शनवारी बी न्हाई आला. तिसऱ्या आठवड्यात दादानं सकाळी पिशवी काढली आन पाचट भरायला लागला. वलसर बाजूला, कुरकुरीत आत.

मी इचारलं, आता कशाला.

म्हनला, त्याचं संपलं आसंल. मला एकदा बगायचंय त्यो कसं करतो. व्हट दाबून, एकेक शबूद मोजून म्हनला.

आई म्हनली, एकटं जाऊ नगा. मी संगट गेले. उंब्रजवरनं कराड, कराडवरनं सांगली. यष्टीत दादा पिशवी मांडीवर घिऊन बसला हुता. कंडक्टरनं कुठलं तिकीट म्हनून इचारलं तर माझ्याकडं बोट केलं. मी बोलले.

रेडिओच्या फाटकावर मातुर मी मागं राहिले, चपलाचा अंगठा तुटला हुता. दादा एकटाच वॉचमनकडं गेला आन बोलायची पाळी आली. लय दिसांनी मोकळं बोलला, दाबलेलं समदं एकदम भाईर आलं.

"नाथाजी हाय का, हाय का? मी त्याचा भाऊ, भाऊ."

वॉचमन हासला. वाईट न्हवता बिचारा. म्हनला, आवं बाबा, दिवसातनं धा जन येत्यात भिवातात्याची नक्कल करत. तुमची त्यातल्या त्यात बरी हाय. पर खरा आत हाय.

मी पोचले तवर ते बोलून झालं हुतं. दादा पिशवी दोनी हातांनी छातीशी धरून उभा हुता. मी त्या वॉचमनला काय बोलले ते हितं लिहीत न्हाई. दादानं माझा हात धरून गप केलं. मग आतनं एक साहेब आला, त्याला खरंच भाऊ हाय हे कळलं आन त्यो लय आदरानं आत घिऊन गेला. तेवढ्यात कार्यक्रम सुरू झाला हुता. तिथं तवा शेतीचा कार्यक्रम त्याच येळी बोलायचे आन त्याच येळी लोक ऐकायचे, आधी भरून ठिवत न्हवते. लाल दिवा लागला की कुनी खोकायचं बी न्हाई. आमाला काचंच्या अलीकडं उभं केलं.

काचंपलीकडं नाथाकाका उभा हुता. अनवानी. चपला वाजत्यात म्हनून भाईर काढायचा. डोळं झाकलेलं. हातात कागद, वाचून झालेला कागद उलटायचा न्हाई, खाली सोडून द्यायचा, म्हंजी आवाज हुत न्हाई. त्याच्या पायाजवळ कागदांचा पाला पडला हुता. डावा खांदा खाली सोडलेला. रेडिओत खांदा कुनाला दिसतो? तरी सोडलेला. मी आजवर त्याला भिवातात्या करताना फकस्त ऐकलं हुतं, बगितलं न्हवतं. आसं वाटत हुतं, देवरुशाच्या अंगात यावं तसा त्याच्या अंगात माझा बाप आलाय.

समोर शेतीचा साहेब बसला हुता. उसाच्या कानी रोगाचं चाललं हुतं. काळा दांडा दिसला की उपटून जाळायचा, आसं साहेब सांगत हुता. भिवातात्या म्हनला, साहेब, दांडा जाळला आन ऊस रुसला तर, रुसला तर? आमच्या शेजारची काचंमागची मानसं हासली. एक जन हासता हासता दादाच्या खांद्याला धरून वाकला. दादा हालला न्हाई. ते त्यानंच इचारलं हुतं, वट्ट्यावर, माझ्यादेखत.

काकानं कागद सोडला आन डोळं उघडलं. काचंत दादा दिसला.

भिवातात्या बंद पडला.

लाल दिवा लागलेलाच. साहेबानं काकाकडं बगितलं, परत बगितलं. समद्या मुलखात रेडिओ गप झाला आसनार, मानसं रेडिओचा कान पिळायला उठली आसनार. आमच्या हितला साहेब काचंवर टकटक करायच्या बेतात आला. काकाला पळून जाता आलं आसतं. पर तिथं शिकलेली सवय आशी, दिवा लाल हाय तवर बोलायचं. त्यानं दादाकडं बगत बगतच श्वास आत वढला. दादागत वढला. दुसरा त्याच्याकडं न्हवताच. आन म्होरचं वाचाय लागला. डोळ्यातनं पानी चालू, नाकातनं पानी चालू, आन भिवातात्या कानी रोगाचं इचारतोय. आवाज फाटत हुता, तरी शेवटचा शबूद दोनदा येत हुता. हितली मानसं आता हासत न्हवती. शेवटाला "येतो साहेब" म्हनला. दुसरा "येतो" आलाच न्हाई.

दिवा इझला. काका भाईर आला आन दादाच्या पायावर पडला. दादानं त्याला उठवला न्हाई. वरनंच बोलला.

"आता लोक म्हनतील भिवातात्या रडला. मी कवा रडलो रं, रडलो?"

काका तसाच उठला, खोलीवर गेला, फेटा घिऊन आला. पीळ तसाच हुता, मोडलेला न्हवता. दादानं फेटा घेतला आन पाचटाची पिशवी त्याच्या हातात दिली. एवढ्या लांबनं आनलीया तर परत कशाला न्यायची, आसं त्याला वाटलं आसनार. दुसरं काय बी न्हाई.

त्यानंतर काकानं त्यो आवाज काढला न्हाई. रेडिओवाल्यांनी एक दिस सांगून टाकलं, भिवातात्या लेकीकडं राहायला गेला. त्याच्या जागी दुसरा कोन आला, त्याच्यावर कुनाला हासू आलं न्हाई. कार्डं आली. भिवातात्याला आना. मग आमच्याच गावातली मानसं, जी इतकी वर्सं खाली बगत हुती, ती दादाला वाटंत आडवून म्हनाय लागली, कोंडीबा, तुझ्यापायी चांगला कार्यक्रम गेला. भावाचं नाव झालं हुतं, तुला बगवलं न्हाई. आन काकाच्या माघारी त्याच्या नावानं थुंकाय लागली, भावाला इकला म्हनून. मी दोगातिगांस्नी भर रस्त्यात शिव्या दिल्या. त्यानं काय हुतंय.

मुंबईला काका गेला. त्यांनी भिवातात्या मागितला तर म्हनला, त्यो मला येत न्हाई. मग त्यास्नी त्याचा काय उपेग? पर इतक्या लांबनं आलेला मानूस म्हनून बारकीसारकी कामं दिली. महिन्यातनं एखांद्या येळी जातो, येतो. सांगलीत रेडिओवर मधनंमधनं गर्दीतला मानूस हुतो. इतक्या वर्सांचा नट, मिरजंपतूर नाव, आन आता ज्याला कुनी वळखत न्हाई आसा.

शनवारी मातुर यायला लागला परत. वट्ट्यावर बसायचा. इचारायचा काय न्हाई. दादा बोलायचा न्हाई. आमच्याशी बोलायला लागला हुता परत, बैलाशी बोलायचा, पर काकाची यष्टी आली की त्याचं तोंड बंद. दोगं शेजारी शेजारी बसायचे, मधी चाच्या दोन बश्या.

गेल्या दिवाळीला आमी पुन्याला मामाकडं गेलो. त्यांच्या चाळीत एकाकडं टेलिव्हिजन हाय, समदी चाळ तिथं बसती. नाटक लागलं. एक मोठा वाडेवाला मानूस बोलत हुता, त्याच्या मागं दाराशी कंदील धरून गडी उभा हुता. आई म्हनली, आवं, भावजी.

नाथाकाकाच हुता. धोतर, बंडी, डोक्याला काय न्हाई. दोनी खांदे सरळ. नाटक लय येळ चाललं. मालक बोलला, मालकीन बोलली, पोरं बोलली. काका कंदील धरून उभा. एकदा मालकानं त्याला हाक मारली तवा वाटलं आता बोलंल. त्यानं मान हलवली आन आत गेला.

दादा गुडघ्यावर हात ठिवून म्होरं वाकून बगत हुता. समदी गप बसलेली, परक्याचं घर, आन त्यानं मोठ्यानं इचारलं.

"त्याला बोलू का देत न्हाईत, देत न्हाईत?"

खोलीतली दोन पोरं दादाचा आवाज ऐकून फिसकन हासली. मी बगितलं त्यांच्याकडं, गप झाली. दादाला ते हासनं ऐकू आलं का ठावं न्हाई. त्यो टेलिव्हिजनकडंच बगत हुता. नाटक संपून बातम्या लागल्या तरी बगत हुता, काका परत दारात येतोय का म्हनून. त्याचं तोंड मी टेपाच्या दिवशी बगितलं हुतं तसंच झालं हुतं, पर आता ते काकापायी.

पुढच्या शनवारी काका आला. हातपाय धुतलं, वट्ट्यावर बसला. मी चा आनला. दादानं बशी खाली ठिवली आन श्वास आत वढला.

"उसाचा खोडवा चांगला फुटलाय, फुटलाय. वरच्या पट्टीला पानी पोचत न्हाई, न्हाई. तांबड्या बैलाचा खूर दुखतोय, दुखतोय."

काकानं दोनी हातांनी कान झाकलं. मान गुडघ्यात घातली. म्हातारं मानूस दिसाय लागला एकदम, दादापेक्षा थोरला. दादानं त्याचं एक मनगट धरलं, मग दुसरं, आन हात कानावरनं खाली आनलं. बैलाचा खूर कसा दुखतोय, त्याला काय लावलं, कराडचा डॉक्टर काय म्हनला, समदं सांगाय लागला. लय सांगितलं, दिस मावळंपतूर सांगत हुता.

काका ऐकत हुता. दादाच्या व्हटाकडं त्यानं एकदा बी बगितलं न्हाई. पायाजवळच्या जमिनीकडं बगत बसला.